टीव्हीचा त्याग आणि उषाबाईंचे निधन

निवृत्त माणसाला शाल द्यावी, नारळ द्यावा, पण माईक देऊ नये, असं माझं अलीकडे मत झालं आहे. शाल-नारळ तो घरी घेऊन जातो. माईक त्याला घेऊन जातो.

मला तो बदनापूरच्या एका शाळेत, पालक मेळाव्यात मिळाला. विषय होता ‘दूरचित्रवाणी आणि आपले कुटुंब’. तहसील कचेरीतून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालेला आणि जालन्याच्या एका दैनिकात सत्तावीस वर्षं विनोदी सदर लिहिलेला माणूस या विषयावर काय बोलणार, असा प्रश्न शाळेला पडला नाही. मला तर तो कोणत्याच विषयाच्या बाबतीत कधी पडलेला नाही. मी पाऊण तास बोललो. टीव्हीमुळे माणसं घरात असून घरात नसतात, असं म्हणालो. माझी नऊ वर्षांची नात तृप्ती कार्टूनमधल्या उंदराचं हिंदी बोलते आणि धक्कादायक बातमी सांगताना मालिकेतल्या बायकांसारखी तीनदा मान वळवते, हेही सांगितलं. (गणिताचे मार्क आम्हाला याच पद्धतीनं कळले होते.) पालक माना डोलवत होते. मुख्याध्यापक पुंजाराम सर डोळे मिटून डोलवत होते, त्यामुळे त्यांच्याबद्दल खात्री देता येत नाही.

तेवढ्यात मागच्या रांगेतून कुणीतरी विचारलं, “साहेब, तुमच्या घरला टीव्ही हाय का?”

सत्तावीस वर्षं दुसऱ्यांच्या टोप्या उडवल्या की एक दिवस वारा आपल्याकडे वळतो. मी म्हणालो, “आहे. पण आजपासून एक महिना बंद.”

टाळ्या पडल्या. टाळ्या पडल्यावर वाक्य मागे घेतलेला वक्ता मी अजून पाहिलेला नाही. पुंजाराम सरांनी डोळे उघडून ते वाक्य माझ्या फोटोसकट शाळेच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकलं. मी चालत घरी आलो आणि वाक्य माझ्या आधी पोचलं. दारात आमच्या उषाबाई उभ्या होत्या. “वाचलं,” एवढंच म्हणाल्या आणि आत गेल्या. छत्तीस वर्षांच्या संसारात ‘वाचलं’ हा शब्द त्यांनी माझ्या लेखनाबद्दल पहिल्यांदाच काढला.

आता, टीव्ही आमच्या घरात काय होता ते सांगायला हवं. तेव्हा ते मलाच ठाऊक नव्हतं, ही गोष्ट वेगळी.

रोज संध्याकाळी साडेसातला मालिका लागायची. उषाबाई दिवाणावर, सून मीना खाली भाजी निवडत, मुलगा सोमेश्वर औषधाच्या दुकानातून चहापुरता घरी आलेला, तृप्ती आजीच्या पायाशी. मी मालिका बघत नाही. मी पेपर वाचतो. तो टीव्हीसमोरच्या खुर्चीत बसून वाचतो, कारण तिथं उजेड चांगला असतो. तर पेपराच्या अलीकडून मला ऐकू यायचं. उषाबाई पडद्याकडे बघून म्हणायच्या, “काय बाई ही सून. सासूचे गुडघे दुखून राह्यले, अन् हिला दिसत न्हाई.” पडद्यावर त्या वेळी कोर्टाचा सीन चाललेला असायचा. गुडघ्यांचा उल्लेख वादीनं केला नव्हता, प्रतिवादीनंही नाही. मीना पडद्यालाच उत्तर द्यायची, “तेल गरम करून दिलं तर वास येतो म्हणत्यात.” सोमेश्वर नायकाच्या बापाकडे बघून म्हणायचा, “याचं आपलं एकच. दुकान कसं चालू राह्यलं ते इचारायचं न्हाई, उपदेश करायचा.” मला वाटायचं, या मंडळींना मालिका समजत नाही. मी हसून पान उलटायचो.

‘लेकी बोले सुने लागे’ ही म्हण मी माझ्या सदरात किमान वीस वेळा वापरली असेल. आमच्याकडे माणसाला तोंडावर बोलायची रीत नाही, सासऱ्याला तर नाहीच. बोलायचं एकाला आणि ते लागायचं दुसऱ्याला. आम्हाला लेक नाही. ती जागा घरात टीव्हीनं भरून काढली होती, हे वीस वेळा म्हण वापरणाऱ्याच्या ध्यानात आलं नाही.

मेळाव्याच्या दोन दिवस आधीची गोष्ट. मालिकेतल्या सुनेला नोकरीचं पत्र आलं. मीना म्हणाली, “आता हिनं जावं का न जावं, काय म्हणतील घरचे?” खोलीत नेहमीपेक्षा जास्त शांतता झाली. मी पेपर खाली न घेता म्हणालो, “हिला कशाला हवी नोकरी? बसल्या जागी एवढी कारस्थानं करायला मिळतात, वर आणखी पगार कशाला?” कुणी हसलं नाही. विनोद अंमळ वरच्या दर्जाचा झाला असावा, असं वाटून मी पान उलटलं.

त्याच आठवड्यात मीनाला खरंखुरं पत्र आलं होतं. जालन्याच्या एका बियाणे कंपनीच्या प्रयोगशाळेत, बी उगवतं की नाही ते तपासायच्या कामावर. मीना कृषी पदवीधर आहे. महिन्याच्या तीस तारखेपर्यंत होय की नाही ते कळवायचं होतं. हे पत्र उषाबाईंना ठाऊक होतं, सोमेश्वरला ठाऊक होतं, तृप्तीला आणि बहुधा दूधवाल्याला ठाऊक होतं. मला नव्हतं. मी त्यावर निकाल देऊन मोकळा झालो होतो, हेही मला ठाऊक नव्हतं. वाचकांनी मात्र तीस तारीख ध्यानात ठेवावी. मी मेळाव्यात बोललो तो दिवस पंधरा तारखेचा.

सोळा तारखेला सकाळी शेजारचे अमृतलालजी आले. त्यांचं किराणा दुकान आणि त्यांचा सल्ला, दोन्ही सकाळी साडेसातला उघडतात.

“रामरावजी, त्याग घेतला म्हणे टीवीचा,” ते म्हणाले. “चांगलं केलं. आमच्या जैनांत पण चातुर्मासात घेतात. पण आगार कोणते ठेवले?”

मी विचारलं, “आगार म्हणजे?”

“म्हणजे सूट. त्याग घेताना सूट आधीच बोलून ठेवायची असते. चुकून झालं तर सूट, अचानक झालं तर सूट, बिमारी आली तर सूट, मोठ्यांनी हुकूम केला तर सूट. तुम्ही?”

“मी सरळच घेतला.”

अमृतलालजींनी माझ्याकडे, विमा न काढता ट्रक घेणाऱ्याकडे बघावं तसं बघितलं. “आगार न्हाई ठेवला?” ते हळूच म्हणाले. “मंग अवघड आहे.” त्यांच्या मागून त्यांच्या पत्नी भंवरीबाई डोकावल्या आणि म्हणाल्या, “भाईसाब, पण टीवीची लाल बत्ती तर चालू दिसती.”

लाल बत्ती हा पुढच्या दोन दिवसांतला मोठा विषय झाला. टीव्ही बंद, पण केबलच्या डब्याचा लाल दिवा चालू. येणारा-जाणारा खिडकीतून तो बघायचा आणि माझ्याकडे बघायचा. शाळेच्या ग्रुपवर कुणी विचारलं, ‘साहेबांचा दिवा चालू असल्याचे समजते, खरे आहे का?’ उषाबाईंचं म्हणणं, “बंद ठेवला तर डबा सर्दाळतो. मी नुसता गरम करून राह्यले.” संध्याकाळी साडेसात ते आठ या वेळेत तो जरा जास्तच सर्दाळत असे. माझ्या अब्रूचा प्रश्न होता. मी ठरवलं, कनेक्शनच बंद करायचं.

कनेक्शन उषाबाईंच्या नावावर निघालं. मी अर्ज लिहिला आणि सही मागितली. वाटलं, आता रामायण होईल. त्यांनी पेन घेतलं, सही केली आणि म्हणाल्या, “करा बंद. बघू, तुम्हाला किती बोलता येतं.” त्यांच्या आधार कार्डाची प्रतही त्यांनीच काढून दिली. इतकी तत्परता मी नोकरीत पाहिली असती तर संशय घेतला असता.

केबलचं ऑफिस मोबाईलच्या दुकानावर, लोखंडी जिन्यानं चढून. तिथं सुमित नावाचा तरुण संगणकाशी बसला होता. त्यानं अर्ज वाचला.

“काका, कारण?”

“लिहिलंय की. कौटुंबिक संवाद वाढवण्यासाठी.”

“असं कारण न्हाई हो यात.” त्यानं पडदा माझ्याकडे फिरवला. कारणं तीन होती. घर बदलले. दुसरी सेवा घेतली. ग्राहक मयत.

“‘इतर’ नाही?”

“आधी व्हतं. लोक काही बी लिहायचे. काढून टाकलं.” तो पुन्हा कीबोर्डकडे वळला. “काका, काही तरी टाकावंच लागतंय. न्हाई तर फॉर्म पुढंच जात न्हाई.”

इथं मी गुन्हा कबूल करतो. फॉर्म पुढं गेला पाहिजे, हे मला मनापासून पटलं. तीस वर्षं मीही हेच केलं होतं. खरं-खोटं नंतर बघता येतं, पण कागद अडता कामा नये. “टाका काहीतरी,” मी म्हणालो आणि चष्मा पुसू लागलो. त्यानं टाकलं. फॉर्म पुढं गेला.

लाल दिवा विझला. आणि आमच्या घरी कौटुंबिक संवाद सुरू झाला.

पहिल्या संध्याकाळी साडेसातला सगळे आपापल्या जागी बसले आणि काळ्या पडद्याकडे बघत राहिले. त्यात आम्ही पाचजण दिसत होतो. फारसं बघण्यासारखं काही नव्हतं. दुसऱ्या दिवशी उषाबाईंनी फ्रिजकडे बघून म्हटलं, “काय बाई, भाजीत मीठ म्हणून टाकीत न्हाईत लोक.” फ्रिज गुरगुरला, पण त्यातून सून बाहेर आली नाही. मग त्यांनी कॅलेंडरवरच्या देवीला सांगून पाहिलं. देवीला सांगितलं की नवस वाटतो. चौथ्या दिवशी त्यांचा संयम सुटला आणि त्यांनी सरळ मीनाकडे बघून म्हटलं, “मीना, भाजी अळणी हाय.”

हे वाक्य छापल्यावर साधं दिसतं. मीना सून होऊन आल्यापासूनच्या अकरा वर्षांत आमच्या घरात ते पहिल्यांदा कर्ता, क्रियापद आणि संबोधनासह उच्चारलं गेलं. मीना पानावरून उठून गेली. सोमेश्वरनं मला विचारलं, “नाना, हे कशापायी सुरू केलं तुम्ही?” तोही सरळ माझ्याकडे बघून. मी पेपर वर घेतला. पेपराच्या आड मला पहिल्यांदाच कळलं, की उजेड या खुर्चीत मुळीच चांगला नाही. उजेड टीव्हीचा होता.

चोवीस तारखेला सकाळी अमृतलालजी खांद्यावर पांढरा पंचा टाकून आले. दार उषाबाईंनी उघडलं. अमृतलालजींनी त्यांच्याकडे पाहिलं, हातातल्या मोबाईलकडे पाहिलं, पुन्हा त्यांच्याकडे पाहिलं. मग अतिशय हळू आवाजात म्हणाले, “भाभी, रामरावजी हैं क्या?”

केबलवाल्यांचं एक गावातलं चॅनल आहे. त्यावर वाढदिवस, बारसं, हरवलेली म्हैस असं येत असतं. ग्राहक वारला तर ते लोक आपणहून श्रद्धांजली देतात. ही त्यांची पद्धत आहे आणि एरवी चांगली आहे. आदल्या संध्याकाळपासून उषाबाईंची श्रद्धांजली दर दहा मिनिटांनी फिरत होती, फुलांच्या चौकटीत, खाली दोन समया. सगळ्या बदनापूरनं ती पाहिली. न पाहिलेलं घर एकच, कारण त्या घरात टीव्ही बंद होता.

मी घाबरून उषाबाईंना सांगितलं. त्या शांत होत्या. “फोटो कोणचा लावलाय?” त्यांनी विचारलं.

“आधार कार्डावरचा.”

तेव्हा त्या मटकन खाली बसल्या.

नऊ वाजेपर्यंत ओटा भरला. भंवरीबाई पुन्हा पुन्हा म्हणत होत्या, “कल तो मैं इनसे कढीपत्ता ले गयी,” पण त्या बोलण्यात थोडी शंका होती. शेवटी टीव्हीवर आलं होतं आणि कढीपत्ता टीव्हीवर आला नव्हता. आलेल्या लोकांना परत जाणं अवघड झालं. मयतीला येऊन मयताच्या हातचा चहा घेऊन कसं जायचं, याला रीत नाही. तेव्हा ते बसले. पुंजाराम सर दोन शब्द बोलायची तयारी करून आले होते. त्यांनी क्रियापदं बदलून तेच बोलून टाकले. उषाबाईंनी पदर सावरून सगळं ऐकलं. आपण इतक्या प्रेमळ होतो हे त्यांना कुणी आधी सांगितलं नव्हतं. माणसं दोन-दोन तास बसली, जुन्या गोष्टी निघाल्या, हसणं झालं. मी भाषणात ज्या संवादाबद्दल बोललो होतो तो हाच, आणि त्यासाठी बायकोला वारावं लागलं.

दुपारी माझी थोरली बहीण केशरबाई, म्हणजे आक्का, कुंभार पिंपळगावहून आली. तिला कुणीतरी फोन केला होता. ती कोपऱ्यापासून रडत आली. दारात उषाबाई पाण्याचा तांब्या घेऊन उभ्या दिसल्यावर तिनं रडणं मधल्या सुरात थांबवलं, तांब्या घेतला, पाणी प्याली आणि म्हणाली, “जित्ती हायस, बरं झालं. पर सांगायचं तरी. तीन ठिकाणी गाडी बदलली मी.” मग ती स्वयंपाकघरात गेली. तासाभरानं बाहेर आली ती माझ्याकडेच. मला तोंडावर बोलणारं जगात एकच माणूस उरलंय, ते हे.

“रामा, तू मीनाला नोकरीला न्हाई म्हणलास?”

“मी? कोणती नोकरी?”

“बियाण्याच्या कंपनीतली. पोरगी दोन वर्सं अभ्यास करून राह्यली. कारस्थानं करायला मिळत्यात, पगार कशाला, असं म्हणलास म्हणं. टीव्हीम्होरं.”

मला ती संध्याकाळ आठवली. ती शांतता आठवली. आपला विनोद कुणाला कळला नाही म्हणून मी नाराज झालो होतो. तो कळला होता. फक्त तो विनोद आहे हे कळलं नव्हतं.

“आक्का, मी त्या मालिकेतल्या बाईला म्हणालो.”

“मंग? तुझ्या घरात सगळे त्या बाईलाच बोलत्यात. तुला येगळं कसं धरायचं?”

मी टीव्हीच्या वरच्या भिंतीकडे बघितलं. बायकांच्या शिक्षणावर आणि नोकरीवर मी अठरा लेख लिहिले आहेत. एकाला जिल्हा पातळीवर उत्तेजनार्थ बक्षीस मिळालं होतं. त्या प्रमाणपत्राची फ्रेम टीव्हीच्या वरच लावलेली आहे, आणि अकरा वर्षं रोज संध्याकाळी मीना तिच्याखाली भाजी निवडत होती.

आता सोपी गोष्ट ही, की मीनाला हाक मारायची आणि सांगायचं. मी मारली. “मीना,” म्हटलं. ती आली, उभी राहिली. “चहा,” मी म्हणालो. दुसऱ्या दिवशी पुन्हा हाक मारली आणि पेपराची पुरवणी मागितली. पुरवणी माझ्या मांडीवरच होती. सत्तावीस वर्षांत हजाराच्या वर सदरं लिहिलेल्या माणसाला स्वतःच्या सुनेशी बोलायला एक वाक्य जुळेना. मग कारकुनी बुद्धीनं एक मसुदा केला. ‘संदर्भ : टीव्हीसमोर केलेले विधान. उपरोक्त विधान मालिकेपुरते मर्यादित समजण्यात यावे.’ वाचून पाहिला. चांगला होता. फाडून टाकला.

शेवटी वाटलं, बोलायचं ते घराच्या पद्धतीनंच बोलावं. टीव्ही पुन्हा सुरू करावा, मालिकेतली सून दिसली की पेपराच्या आडून म्हणावं, जाऊ द्या तिला नोकरीला. लागायचं तिथं लागेल. त्यागाचं काय, म्हणून अमृतलालजींना विचारलं. आक्कानं कान उपटले तो मोठ्यांचा हुकूम धरून आगारात बसवता येईल, असं ते म्हणाले. “नंतर ठेवलेला आगार कच्चा असतो,” हेही म्हणाले, “पण चालवून घेऊ.”

सव्वीस तारखेला मी पुन्हा लोखंडी जिना चढलो. सुमितनं आधी मनापासून माफी मागितली, मग सांगितलं, “काका, मयत ग्राहक परत चालू व्हत न्हाई. सिस्टीमच घेत न्हाई. काकूंचा हयातीचा दाखला आणा.”

तलाठी म्हणाले, “रामराव, हयातीचा दाखला पेन्शनला देतात. बाईंना पेन्शन आहे?”

“नाही. टीव्हीसाठी हवाय.”

“टीव्हीसाठीचा नमुना न्हाई आपल्याकडं.” ते मला समजावून सांगू लागले, की तुम्ही तर कचेरीतले, तुम्हाला काय सांगायचं. मी त्या टेबलाच्या पलीकडे तीस वर्षं बसून हेच वाक्य म्हणायचो. अलीकडच्या बाजूनं ते जरा वेगळं ऐकू येतं. उषाबाई स्वतः समोर उभ्या होत्या. त्यांच्याकडे बोट करून मी म्हणालो, “या बघा, हयात आहेत.” तलाठ्यांनी आदरानं नमस्कार केला आणि म्हणाले, “ते दिसून राह्यलंय हो. पण कागद?”

अठ्ठावीस तारखेला मी शेवटचा उपाय केला. साडेसातला सगळं घर घेऊन अमृतलालजींकडे मालिका बघायला गेलो. तिथं त्यांचा मुलगा अर्पित क्रिकेट बघत होता आणि रिमोट देईना. मी हार मानली नाही. मीनाला ऐकू जाईल अशा आवाजात पडद्याकडे बघून म्हणालो, “उगीच बाहेर बसवलंय. एवढी गुणवत्ता आहे, संधी द्यायला पाहिजे होती. चूक झाली.”

“चूक कसली, काका?” अर्पित म्हणाला. “उसका घुटना गया है. पळता येत न्हाई बराबर.”

उषाबाई लगेच म्हणाल्या, “गुडघ्याचं दुखणं वाईटच.” आणि मीनाकडे बघितलं. मीना स्कोअर बघत होती. माझं पत्र भलत्याच पत्त्यावर गेलं होतं.

तीस तारखेची संध्याकाळ आली. साडेसात. काळा पडदा, त्यात आम्ही सगळे. आक्का त्या दिवशी सकाळीच गावी गेली होती. जाताना दारात म्हणाली होती, “पोरगी आज रातच्याला नकार कळवून राह्यली. मला काय, तुझं घर.” मीना मेथी निवडत होती. मी पेपर घडी करून बाजूला ठेवला. हे इतकं अनपेक्षित होतं की सोमेश्वरनं विचारलं, “नाना, बरं न्हाई का?”

“मीना,” मी म्हणालो.

“चहा आणू, नाना?”

“नको. तुझं ते जालन्याचं पत्र.”

मेथीवरचा हात थांबला.

“मी त्या दिवशी बोललो ते तुला नव्हतं. त्या मालिकेतल्या बाईला होतं.”

“तिला ऐकू जात न्हाई, नाना,” मीना म्हणाली.

एवढं सरळ वाक्य मला कुठल्या संपादकानंही ऐकवलं नव्हतं. मी म्हणालो, “चुकलं. तू नोकरीला जा.”

“परवानगी देऊन राह्यले का?”

“हो,” मी म्हणालो, आणि म्हणतानाच काहीतरी बिघडल्याचं कळलं.

“परवानगी नको व्हती मला.” ती काड्या आणि पानं वेगळी करत, खाली बघत बोलत होती. आवाज चढलेला नव्हता. “कुणी इचारावं असं वाटत व्हतं. परीक्षेला गेल्ते, मुलाखतीला गेल्ते. घरात कुणी म्हणलं न्हाई, मीना, काय इचारलं, कशी झाली. चार महिने मी त्या टीव्हीला सांगून राह्यले.”

सोमेश्वर पंख्याकडे बघू लागला. “मला वाटलं,” तो म्हणाला, “नाना काय म्हणतात ते बघावं आधी.”

“अन् मला वाटलं, सोमेश्वर बोलंल,” उषाबाई म्हणाल्या.

प्रत्येकाला काहीतरी वाटलं होतं. ते कुणालाच सांगितलेलं नव्हतं.  मला मोठं काही सुचत होतं, पण ते छापण्यासारखं होतं, बोलण्यासारखं नव्हतं. मग म्हणालो, “मुलाखतीत काय विचारलं?”

मीनानं एकदा माझ्याकडे बघितलं, मी थट्टा तर करत नाही ना म्हणून. मग सांगायला लागली. ओल्या कागदात शंभर बिया कशा गुंडाळून ठेवतात, किती दिवसांनी मोजतात, कोंब वाकडा आला तर तो उगवला धरायचा की नाही. साहेबांनी नेमकं वाकड्या कोंबाचंच विचारलं होतं. तृप्तीनं मधेच सांगितलं की आईनं तिच्या जुन्या डब्यात मूग घालून पाहिले होते. उषाबाई म्हणाल्या, “ते मूग मी उसळीत घातले.” मीना म्हणाली, “ठाऊक हाय मला.” आणि दोघी एकमेकींकडे बघून हसल्या, सरळ, मधे काही न ठेवता. साडेआठ वाजले तेव्हा मीना अजून बोलत होती आणि मेथी तशीच पडली होती. त्या रात्री आम्ही पिठलं खाल्लं. जेवायच्या आधी मीनानं मोबाईलवर ‘होय’ लिहून पाठवलं आणि आम्हाला दाखवलं. “गेलं,” ती म्हणाली.

उषाबाई म्हणाल्या, “सकाळच्या पोळ्या मी करीन. पर येताना जालन्याहून भाजी तूच आणायची. इथली जून असती.”

दाखला पुढच्या महिन्यात मिळाला. तलाठ्यांनी पेन्शनच्याच नमुन्यावर दिला. टीव्ही पुन्हा चालू झाला आहे आणि साडेसातची मालिकाही चालू आहे. मी तिला नावं ठेवत नाही. तिनं आमचं घर अकरा वर्षं फुटू दिलं नाही, आणि अकरा वर्षं बोलूही दिलं नाही. दोन्ही खरं आहे. यातलं कोणतं जास्त खरं, हे मला मेळाव्यात विचारलं तर सांगता येणार नाही. शाळेनं परत बोलावलेलंही नाही.

मीना कामावर जाणार त्या पहिल्या सकाळी सोमेश्वरला दुकान उघडायचं होतं, म्हणून मी स्टेशनपर्यंत सोबत गेलो. गाडीला वेळ होता. बाकावर कुणाचा तरी पेपर पडला होता. मी सवयीनं उचलला, उघडला आणि त्याच्या आडून विचारलं, “डबा घेतला ना?”

“नाना,” मीना म्हणाली, “माणसाकडं बघून बोलत जा.”

आजूबाजूला चार लोक होते. मला राग यायला हवा होता. मी पेपर खाली घेतला आणि बघितलं. गाडी फलाटात शिरत होती. तिनं पिशवी खांद्याला लावली, “येते,” म्हणाली आणि चढली, आणि गाडी हलल्यावर खिडकीतून हात केला.

मीनाला चष्मा आहे. जाड भिंगांचा, म्हणजे अलीकडचा नाही. कधी लागला ते विचारायचं मी संध्याकाळच्या गाडीवर ठेवलं.